सोमवारी बंद पडणारा पंखा

गॅरेजात त्यांना सगळेच वहिनी म्हणत. त्यांच्याहून दहा वर्षांनी मोठे ट्रकवाले, शेजारचा टायरवाला, सुटे भाग पोचवणारा टेम्पोवाला, सगळ्यांच्या त्या वहिनी. खरं नातं एकट्या गॅरेजमालकाचं. त्याच्या थोरल्या भावाची ही बायको. पण दिवसातून पन्नास वेळा त्यांची हाक यायची, "भावोजी, पक्कड द्या," "भावोजी, दिवा इकडे," आणि होता होता मालकालाही अख्खा बाजार भावोजी म्हणायला लागला. एकदा परवाना कचेरीतला साहेब "बसा भावोजी" म्हणाला, तेव्हा मात्र त्यांनी हात टेकले.

वहिनी गॅरेजात आल्या त्या वयाच्या पंचेचाळिसाव्या वर्षी. त्याआधी एकोणीस वर्षं त्या पंख्यांच्या कारखान्यात मोटरींचं वाइंडिंग करत होत्या. केसाएवढी तांब्याची तार घ्यायची, तिची वेटोळी घालायची, मोजायची, वार्निशात बुडवायची, वाळवायची, तपासायची. कारखान्याला कुलूप लागलं तेव्हा बरोबरीच्या बायका रडल्या. वहिनींनी आपली तार कापायची कात्री तेवढी मागून घेतली आणि घरी आल्या. पुढच्या आठ महिन्यांत त्यांनी अख्ख्या इमारतीतले पंखे, मिक्सर आणि शिवणयंत्रांच्या मोटरी उघडून पुन्हा लावल्या. मग उघडायला काही उरेना. थोरले भाऊ टपालखात्यात होते, स्वभावाने अगदी गरीब. एक दिवस ते धाकट्याला बाजूला घेऊन म्हणाले, "हिला कुठेतरी ने बाबा. काल माझं घड्याळ उघडलं. चालू होतं."

भावोजींनी ते हसण्यावारी नेलं. चार दिवसांनी वहिनीच काहीतरी निरोप घेऊन गॅरेजवर आल्या. टेबलावर एका ट्रकचा स्टार्टर उघडा पडला होता आणि भावोजी तो बाहेर वाइंडिंगवाल्याकडे पाठवायच्या तयारीत होते. वहिनींनी पिशवी खाली ठेवली, स्टार्टर उजेडाकडे वळवला आणि एका जागी नख टेकवलं.

"इथलं वार्निश गेलंय. हे एकच वेटोळं जळलंय, बाकीचं चांगलं आहे."

"वहिनी, अहो तो ट्रकचा आहे. तुमचा पंखा नव्हे."

"तार तांब्याचीच आहे ना?" वहिनी म्हणाल्या. "उद्या येऊ का?"

त्या दुसऱ्या दिवशी आल्या, आणि मग येतच राहिल्या.

पहिलं वर्ष सोपं नव्हतं. भावोजी हाताचे भारी चपळ. गाडी आत आली की बॉनेट वर, भाग बाहेर, नवा भाग आत, गाडी रस्त्यावर. त्यांच्या गॅरेजचं नाव त्या चपळाईवरच चालत होतं. वहिनींचं सगळं उलटं. गाडी आली की त्या आधी स्टूल ओढून गिऱ्हाइकासमोर बसायच्या. कधी बंद पडते? सकाळी की दुपारी? गाडी उभी कुठे असते? शेवटचं काम कुणी केलं? आधी वास आला का आवाज? दहा-दहा मिनिटं हे चालायचं. एकदा भावोजी न राहवून म्हणाले, "वहिनी, तुम्ही गाडी दुरुस्त करताय की सोयरीक जुळवताय?"

"सोयरिकीतसुद्धा एवढं विचारलं असतं," वहिनी म्हणाल्या, "तर मला कळलं असतं की दीर उतावळा आहे."

टायरवाला हे पुढे महिनाभर येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत होता.

त्यांची आणखी एक तऱ्हा होती. गाडीतून काढलेला मेलेला भाग त्या कधी भंगारात टाकायच्या नाहीत. भिंतीवरच्या फळीवर ठेवायच्या आणि त्याला दोऱ्याने एक चिठ्ठी बांधायच्या. चिठ्ठीवर भागाचं नाव नसायचं, तो का मेला एवढंच असायचं. 'पाणी.' 'उंदीर.' 'आधीच्याने स्क्रू जास्त आवळला.' भावोजींना आधी ते पोरकट वाटायचं. मग कधीतरी, वहिनी जेवायला बसल्या असताना, ते गुपचूप त्या चिठ्ठ्या वाचायला लागले.

अशी सात-आठ वर्षं गेली. विजेचं काम वहिनींचं आणि बाकीचं भावोजींचं, अशी वाटणी न बोलता होऊन गेली. आणि मग त्या थंडीत नर्सबाईंच्या गाडीचं प्रकरण झालं.

नर्सबाई घरोघर जाऊन जखमा बांधायच्या, इंजेक्शनं द्यायच्या, अंथरुणाला खिळलेल्या म्हाताऱ्यांना कुशीवर वळवायच्या. त्यांची निम्मी घरं गावामागच्या टेकडीवर होती, आणि तिथे थंडीत धुकं आणि पाऊस दोन्ही एकदमच यायची. गाडी जुनी, निळी, आतून औषधांच्या वासाची. अशा हवेत गाडीतल्या हीटरचा पंखा चालला नाही, तर नुसती थंडी वाजून भागत नाही. पुढच्या काचेवर आतून वाफ धरते आणि रस्ताच दिसेनासा होतो.

नेमक्या त्याच सुमाराला वहिनी गॅरेजात नव्हत्या. त्यांच्या बहिणीचं मोठं ऑपरेशन होतं. तिच्याजवळ राहायला त्या सहा आठवडे परगावी गेल्या होत्या.

नर्सबाई पहिल्यांदा आल्या तेव्हा फ्यूज उडालेला होता. भावोजींनी नवा घातला. पंखा फरफर सुरू झाला आणि त्या हसत गेल्या. आठवड्याभराने फ्यूज पुन्हा उडाला. त्या दिवशी अंगणात पाच गाड्या उभ्या होत्या, एक गिऱ्हाईक डोक्यावर बसलेलं होतं, आणि डबीत पिवळे, म्हणजे वीस अँपिअरचे फ्यूज संपले होते. हिरवे होते. हिरवा तीसचा. भावोजींनी तोच दाबून बसवला.

"थोडा दमदार घातलाय," ते म्हणाले. "आता जायचं नाव घेणार नाही."

फ्यूज खरंच गेला नाही. तीन आठवड्यांनी दुसरंच काहीतरी गेलं. पंख्याचं बटण एकवर, दोनवर, तीनवर फिरवलं तरी हूं की चूं नाही. फक्त चारवर चालायचा, तोही करवादत, आणि आत जळका वास. पंख्याचा वेग कमी-जास्त करायला तारांची एक लहानशी पट्टी असते, गॅरेजवाले तिला रेझिस्टन्स म्हणतात. ती जळाली होती. भावोजींनी नवी टाकली. ती एक आठवडा टिकली.

त्यानंतर पंखा पुरताच बंद पडला. त्या दिवशी नर्सबाई टेकडीवरून उतरत होत्या. एका हातात स्टिअरिंग, दुसऱ्या हातात काच पुसायचं फडकं, बाजूची काच उघडी. पुलाजवळच्या वळणावर त्यांना दगडी कठडा दिसला तेव्हा तो हातभर अंतरावर होता. गाडीचा एक दिवा फुटला, त्यांचं मनगट मुरगळलं. कठड्याच्या जागी माणूस असता तर काय, हा विचार त्यांनी स्वतःच दोन दिवस केला होता. गाडी दोराने ओढून गॅरेजवर आली तेव्हा त्यांचा हात झोळीत होता आणि चेहरा उतरलेला.

वहिनी आदल्याच दिवशी परत आल्या होत्या.

नर्सबाई भांडायला आल्या असत्या तर भावोजींना बरं वाटलं असतं. पण त्या हळूच म्हणाल्या, "मला एक खरं सांगा. माझं काही चुकतंय का? मी बटण फार जोरात फिरवते का? पंखा सारखा चालू ठेवते म्हणून होतं का असं?"

भावोजींनी बॉनेटवरची धूळ बोटाने पुसली. "असू शकतं," ते म्हणाले.

हे दोन शब्द तोंडातून निघाले आणि त्याच क्षणी त्यांना ते परत गिळावेसे वाटले. वहिनी मागे हातमोजे काढत उभ्या होत्या. त्यांनी भावोजींकडे एकदा पाहिलं, मग स्टूल ओढलं.

"बसा नर्सबाई. पंखा बंद पडतो तो कधी?"

"कधीही."

"असं नाही. आठवा. पहिल्यांदा बंद पडला तो वार कुठला?"

नर्सबाईंनी डोळे मिटून आठवलं, आणि मग त्या जरा ओशाळल्या. "हसणार नसाल तर सांगते. सोमवारी. दर वेळी सोमवारीच."

भावोजींना हसू आलं. वहिनींना आलं नाही.

"रविवारी गाडी कुठे असते?"

"वडिलांकडे. शनिवारी संध्याकाळी जाते, सोमवारी सकाळी तिथूनच कामावर. त्यांची गल्ली म्हणजे नुसता उतार आहे. झाडाखाली लावते, तोंड उताराकडे करून, म्हणजे निघताना सोपं जातं."

"आणि पंखा पुन्हा सुरू कसा व्हायचा?"

"डॅशबोर्डवर थाप मारली की कधी कधी चालू व्हायचा. मग मंगळवार-बुधवारपर्यंत बरा असायचा."

"झाड कुठलं आहे ते नका सांगू, पानं गळतात का एवढं सांगा."

"ढिगाने."

वहिनींनी मान हलवली. मग पोत्याची घडी करून ड्रायव्हरशेजारच्या सीटपुढे, पाय ठेवायच्या जागेत टाकली आणि उताण्या होऊन डोकं डॅशबोर्डखाली घातलं. पाय दाराबाहेर. बाहेरून बघणाऱ्याला वाटावं, गाडीने बाईला निम्मं गिळलंय. आतून फक्त त्यांचा आवाज येत होता. "किल्ली फिरवा. बटण एकवर. चारवर. बंद." दिव्याची छोटी चाचणी-सुई घेऊन त्या वीज कुठवर पोचते ते बघत होत्या. फ्यूजच्या डबीपर्यंत येत होती. पंख्याच्या तारांच्या जोडापर्यंत, म्हणजे कपलरपर्यंतही येत होती. कपलरच्या पलीकडे मात्र अंधार.

त्यांनी तो कपलर ओढून काढला. पांढरं प्लॅस्टिक तपकिरी होऊन गुळाच्या पाकासारखं ओघळलं होतं.

"एवढं तापलं कसं?" त्या स्वतःशीच म्हणाल्या. "मध्ये फ्यूज असताना?"

मग त्या सरकून बाहेर आल्या, फ्यूजच्या डबीचं झाकण उघडलं, झाकणाच्या आत छापलेलं चित्र वाचलं आणि चिमट्याने एक फ्यूज उपटला. चित्रात तिथे वीसचा आकडा होता. चिमट्यात हिरवा होता.

नर्सबाई दोन पावलांवर उभ्या होत्या. सात-आठ वर्षांत भावोजी वहिनींना घाईवरून, गप्पांवरून, चिठ्ठ्यांवरून हवं तसं बोलले होते. आता हिशेब चुकता करायची ही आयती वेळ होती. वहिनींनी फ्यूज मुठीत घेतला आणि मूठ मिटली.

"नर्सबाई, आत शेगडी पेटलीय. तिथे बसून चहा घ्या गरम. हात गारठलाय तुमचा."

नर्सबाई आत गेल्या. वहिनींनी मूठ उघडली.

"हा कुठून आला, भावोजी?"

"पिवळे संपले होते. पाच गाड्या होत्या अंगणात. म्हटलं, परत यायला लागू नये बिचारीला."

"हं."

"चुकलं माझं."

"मला सांगून काय उपयोग? मी थोडीच ही गाडी चालवते." वहिनींनी फ्यूज त्यांच्या हातावर ठेवला. आवाज चढलेला नव्हता. असता तर बरं झालं असतं. "त्या बाईला वाटतंय तिच्या हाताला दोष आहे. तो काढा. मी नाही काढणार, तुम्हीच काढा."

भावोजी आत गेले. तेवढ्या दहा पावलांत त्यांनी चार प्रकारची वाक्यं जुळवली आणि नर्सबाईंसमोर एकही आठवेना. शेवटी त्यांनी हिरवा फ्यूज चहाच्या कपाशेजारी ठेवला.

"तुमचं काही चुकलेलं नाही. मोटर जड झाली होती, म्हणून फ्यूज उडत होता. तो उडून सांगत होता की आत बिघाड आहे. मी त्याचं तोंड बंद केलं. मोठा फ्यूज घातला. मग फ्यूजऐवजी तारा जळायला लागल्या. आणि मघाशी तुम्ही विचारलंत, तेव्हा मी खोटं बोललो."

नर्सबाईंनी फ्यूज उचलून पाहिला. मग त्यांच्या तोंडून एवढंच आलं, "म्हणजे मी नव्हते." आणि खांदे असे खाली आले, जणू कुणी पाठीवरचं ओझं उतरवून घेतलं. त्यानंतर राग आला, आणि तो यायलाच हवा होता. "मी त्या टेकडीवर कुणाच्या भरवशावर जाते, ठाऊक आहे ना तुम्हाला? वर एक म्हातारा आहे, मी गेले नाही तर त्याची जखम तशीच राहते. तुमच्या घाईसाठी नाही चालवत मी गाडी."

"हो."

"आता दुरुस्त कोण करणार?"

"वहिनी करतील. मी दिवा धरीन."

"ते बरं होईल," नर्सबाई म्हणाल्या आणि उरलेला चहा संपवला.

त्या बसने घरी गेल्या आणि गॅरेजात खरं काम सुरू झालं. तीन स्क्रू काढल्यावर पंखा मोटरीसकट खाली आला. वहिनींनी पात्याला बोटाने ढकलून पाहिलं. चांगला पंखा अशा वेळी चार-पाच गिरक्या घेतो; हा अर्ध्यातच अडला. मोटर टेबलावर घेऊन सरळ बॅटरीला जोडली आणि मीटर लावला. काटा तेवीसवर गेला.

"वीसचा फ्यूज बिचारा काय करणार," वहिनी म्हणाल्या.

दांडा ज्या बुशात फिरतो तिथे गंज होता. पंख्याच्या डब्याच्या तळाला पाण्याचे सुकलेले डाग होते, एकावर एक, आणि थोडा काळा गाळ. भावोजींना आता सगळं कळल्यासारखं वाटलं. "नवी मोटर मागवतो. कपलर बदलू, रेझिस्टन्स बदलू, झालं."

"नव्या मोटरीवर पाणी पडणार नाही का?"

भावोजींनी फोनकडे नेलेला हात मागे घेतला.

"ते येतं कुठून ते आधी बघू," वहिनी म्हणाल्या.

गॅरेजच्या मागे गाड्या धुवायचा एक उतार होता. दोघांनी मिळून निळी गाडी ढकलत तिथे नेली आणि तोंड खाली करून उभी केली, वडिलांच्या गल्लीत असायची तशी. चाकांखाली दगड लावले. मग वहिनींनी तळाला भोकं पाडलेला एक डबा आणला आणि पुढच्या काचेवर पाणी धरलं. भावोजी आत, त्या पोत्याच्या घडीवर उताणे, दिवा हातात, डोळे पंख्याच्या मोकळ्या भोकाकडे.

पहिला डबा संपला. काही नाही. दुसरा संपला. काही नाही. भावोजींची मान आखडायला लागली. आयुष्यात पहिल्यांदाच ते त्या जागी कामाशिवाय, नुसते बघत पडले होते; आणि त्यांच्या मनात आलं की वहिनी वर्षानुवर्षं अशाच पडून राहतात, आणि आपण बाहेरून विचारतो, झालं का म्हणून.

तिसऱ्या डब्याला एक थेंब त्यांच्या कपाळावर पडला. मग दुसरा, थेट डोळ्यात.

"आलं! आलं, वहिनी!" अंगणभर ऐकू जाईल असे ते ओरडले. टायरवाला काय झालं म्हणून धावत आला.

वायपरखालची जाळी काढल्यावर सगळाच उलगडा झाला. खाली पन्हळीसारखी जागा होती, पावसाचं पाणी वाहून न्यायची. तिच्यात पानं कुजून बसली होती, जाड घोंगडीसारखी. तिच्याखाली पाणी बाहेर सोडणारं भोक पूर्ण बुजलेलं. गाडी सपाट उभी असली की पाणी पलीकडच्या भोकाने कसंबसं निघून जायचं. तोंड उताराला असलं की पुढे साचायचं, काठावरून सांडायचं आणि सरळ पंख्याच्या डब्यात. शनिवार ते सोमवार. वहिनींनी ती कुजकी घोंगडी हाताने उचलून बादलीत टाकली आणि भोकात सायकलच्या चाकाची तार घातली. दोनदा अडलं. तिसऱ्यांदा गाडीच्या पोटातून गुळगुळ आवाज आला आणि काळं पाणी भडाभडा जमिनीवर पडलं. ते पाणी बघताना वहिनींच्या चेहऱ्यावर जे समाधान होतं, ते भावोजींनी नंतर घरी जाऊन बायकोला करून दाखवलं. पण त्यांना ते जमलं नाही.

नवी मोटर यायला चार दिवस लागणार होते आणि टेकडीवरचा म्हातारा चार दिवस थांबणार नव्हता. वहिनींनी जुनीच उघडली. गंज घासला, बुश पुसून तेल दिलं, आत वीज पोचवणारे झिजलेले कार्बन बदलले, तांब्याचा भाग बारीक पॉलिश कागदाने साफ केला. जळका कपलर कापून टाकला, तारा चांगल्या तांब्यापर्यंत सोलल्या, नवीन पिना घट्ट दाबून बसवल्या आणि प्रत्येक तार ओढून पाहिली. पुन्हा मीटर लावला. काटा अकरावर स्थिर राहिला. रेझिस्टन्स नवा. शेवटी पिवळा फ्यूज त्यांनी भावोजींच्या हातात दिला.

"तुम्ही घाला."

हिरवा फ्यूज दुसऱ्या दिवशी फळीवर होता. भावोजींनी धीर करून चिठ्ठी उलटून पाहिली. कुणाचं नाव असेल म्हणून ते धास्तावले होते. लिहिलं होतं, 'पिवळे संपले होते. डबी आधीच भरून ठेवणे.'

गाडी नर्सबाईंकडे गेली. आठवडा चांगला गेला. पण भावोजींचा जीव सोमवारवर टांगलेला होता. शनिवारी पाऊस लागला तो रविवारीही उघडला नाही. सोमवारी सकाळी नीट उजाडायच्या आत त्यांनी कोट चढवला, घरात फिरायला जातो म्हणून सांगितलं आणि त्या उताराच्या गल्लीत जाऊन पोचले. निळी गाडी झाडाखाली, तोंड खाली करून उभी होती. टपावर ओली पानं चिकटलेली. भावोजी समोरच्या भिंतीला टेकून उभे राहिले आणि थोड्या वेळाने त्यांच्या लक्षात आलं की पलीकडच्या दुकानाच्या बंद शटरपाशी छत्री घेऊन कुणीतरी उभं आहे.

"वहिनी?"

"तुम्हीपण का, भावोजी?"

"मी आपला फिरायला."

"मीही," वहिनी म्हणाल्या. फिरायला निघालेल्या त्या दोघांनी मग एका छत्रीखाली पंधरा मिनिटं जागचं न हलता काढली.

नर्सबाई पिशवी घेऊन आल्या, या दोघांना बघून थबकल्या, आणि काय ते समजून काही न विचारता गाडीत बसल्या. काच पांढरीफटक होती. इंजिन सुरू झालं. एक मिनिट गेलं. मग त्यांनी बटण फिरवलं, आणि काचेच्या तळाशी वाटीएवढी दोन स्वच्छ वर्तुळं उमटली. ती वाढत गेली, एकमेकांना भिडली आणि वर सरकत सरकत काचेमागे नर्सबाईंचा चेहरा दिसायला लागला. त्या हसत होत्या. त्यांनी बँडेज बांधलेला हात वर केला आणि गाडी उतारावरून निघून गेली.

परतताना पाऊस थांबला होता. छत्री मिटून वहिनी चालत होत्या. भावोजी म्हणाले, "त्या दिवशी तुम्ही मला तिच्यासमोर बोलला असता तरी चाललं असतं. बोलायला हवं होतं."

वहिनी एक डबकं चुकवून पुढे झाल्या. मग म्हणाल्या, "कारखान्यात माझं तिसरं वर्ष होतं. पाळी सुटायची घंटा झाली आणि माझ्यासमोर एक मोटर उरली होती. तपासायची राहिलेली. मी शिक्का मारला आणि निघाले. दोन महिन्यांनी तक्रार आली. कुणाच्या तरी खोलीत पंखा पेटला, खालची गादी जळाली. माणसं बाहेर होती म्हणून वाचली. मोटर कुणी केली ते कुणाला कळणार नव्हतं. शिक्का सगळ्यांचा सारखाच. पण मला माहीत होतं ना. घंटेचा दिवस मला आठवत होता."

"मग?"

"आठ दिवस जेवण गेलं नाही. मग जाऊन मुकादमाला सांगितलं. सहा महिने खोकी बांधायला बसवलं मला. बरोबरीच्या बायका म्हणायच्या, वेडी आहेस, गप्प बसायचं होतंस. पण सांगितलं त्याच दिवशी मी जेवले." त्यांनी छत्रीवरचं पाणी झटकलं. "माझ्या वतीने दुसऱ्या कुणी सांगितलं असतं, तर नसते जेवले. म्हणून तुम्हाला आत पाठवलं."

इतकी वर्षं भावोजींना वाटत होतं की वहिनींचा हा चिवटपणा जन्मजात आहे, काहींचा आवाज जन्मजात गोड असतो तसा. ती शांत बाई दर गाडीसमोर स्टूल ओढून बसते तेव्हा तिच्या कानात ती घंटा वाजत असते, हे त्यांना त्या ओल्या रस्त्यावर पहिल्यांदा कळलं. त्यांनी नुसतं म्हटलं, "चला, मी घरापर्यंत येतो." भावाच्या घरी त्या सकाळी तिघांनी मिळून चहा घेतला आणि गॅरेज इतक्या वर्षांत प्रथमच उशिरा उघडलं.

त्यानंतर भावोजी एकदम संथ झाले असं काही नाही. स्वभाव तो स्वभाव. पण फ्यूज दुसऱ्यांदा उडाला की ते हातातलं काम ठेवून उभे राहायला लागले. नर्सबाईंनी गाडी कुठे दुरुस्त होते ते टेकडीवरच्या प्रत्येक घरात सांगितलं, आणि कसं कोण जाणे, ते बस आगारापर्यंत पोचलं. आगारात बसगाड्यांचे हीटर दर थंडीत बंद पडायचे आणि दर थंडीत मोटरी बदलल्या जायच्या. तिथल्या मोठ्या साहेबांनी वहिनींना बोलावणं पाठवलं: आमच्या वीस कारागिरांना एक दिवस शिकवाल का?

वहिनी आधी नको म्हणाल्या. मग थोरल्या भावांनी डबा भरून हातात दिला, तेव्हा त्यांचा नाइलाज झाला. भावोजींनी त्यांना गाडीने नेलं आणि स्वतः मागच्या बाकावर बसले. वीस दांडगे पुरुष हाताची घडी घालून बसले होते. वहिनी फळ्याकडे गेल्याच नाहीत. त्यांनी एक मेलेली मोटर पहिल्या बाकावर ठेवली आणि म्हणाल्या, "हिला काय झालं असेल? हात लावून सांगा." अर्ध्या तासात हाताच्या घड्या सुटल्या होत्या आणि सगळे मोटरीभोवती गोळा होऊन एकमेकांशी वाद घालत होते.

दुपारी एक जुना, मिशाळ कारागीर उठला. बहुधा बाईंना पकडायच्या इराद्याने त्याने एक अवघड खोड सांगितली: अमुक एक बस, पंखा फक्त ब्रेक दाबल्यावर थांबतो आणि ब्रेक सोडला की चालतो; कारण काय? भावोजी बाकावर पुढे सरकले.

वहिनींनी क्षणभर विचार केला. "ते मला माहीत नाही," त्या म्हणाल्या. "बस कुठे आहे?"

"मागच्या शेडमध्ये."

वहिनींनी पदर खोचला, चाचणी-सुई उचलली आणि दाराकडे निघाल्या. मिशाळ कारागीर आधी गोंधळला, मग त्यांच्या मागे धावला, आणि त्याच्या मागे उरलेले एकोणीस. रिकाम्या खोलीत भावोजी एकटेच उरले. त्यांनी वहिनींची पिशवी आणि डबा उचलला आणि तेही शेडकडे निघाले.